राशीतली तूट

आमच्या पत्त्यांच्या टेबलाला एकोणतीस वर्षांत एकच कायदा होता, आणि तो कुठेही लिहिलेला नव्हता: टेबलावरचा जो पैसा खेळाबाहेर जाईल, तो सर्वांच्या डोळ्यांदेखत जाईल. ज्याच्या घरी डाव, त्याने कॉफीचा रिकामा डबा मधोमध ठेवायचा. येणाऱ्याने त्यात दोन डॉलर टाकायचे. त्यातून बिअर यायची, कांद्यात परतलेले सॉसेज यायचे, आणि काही उरलेच तर डबा पुढच्या शनिवारच्या यजमानाकडे जायचा. मधल्या राशीला, म्हणजे डावावर लागलेल्या पैशांच्या ढिगाला, यजमानाने हात लावायचा नाही. जो लावतो त्याला आमच्या गावात यजमान म्हणत नाहीत, अड्डेवाला म्हणतात. मध्ययुगीन जकातींचा इतिहास शिकवण्यात माझे आयुष्य गेले आहे, आणि पूर्ण विचारांती सांगतो, की ज्या पेठांचे कायदे मी वाचले त्यांतला एकही याहून शहाणा नव्हता. पुलाच्या तोंडाशी उभा राहून वाटसरूंना लुबाडणारा सरदारही निदान हात पुढे करतो.

साथ आली, दारे बंद झाली, आणि ऑक्टोबरात ब्रेंट ऑस्टरहाउटने टेबल फोनवर आणले. ब्रेंटचा नदीकाठच्या रस्त्यावर जुन्या मोटारींचा धंदा आहे. काचेवर किंमत चिकटवायची आणि गिऱ्हाईक किमतीकडे बघत असताना आपण गिऱ्हाइकाकडे बघायचे, ही त्याची विद्या. त्याने एक ॲप शोधले, त्यात आमचा खासगी क्लब काढला, आम्हा चौघांना सहा आकडी क्रमांक पाठवला. ॲपमधल्या चिप्सना, म्हणजे पैशांऐवजी लावायच्या चकत्यांना, स्वतःची किंमत नसते. कोण किती जिंकला आणि कोण किती हरला, याचा निरोप दर रविवारी सकाळी ब्रेंट प्रत्येकाला वेगवेगळा पाठवायचा आणि पैशांची देवघेव फोनवरूनच व्हायची. पूर्वी हे काम टेबलावर, पाच जणांच्या समोर होत असे. हा फरक आमच्यापैकी कोणाच्याही लक्षात आला नाही. माझ्या तर मुळीच नाही, आणि मला महाविद्यालय पगार देत होते तो असल्याच गोष्टी लक्षात येण्यासाठी.

फीबद्दल विचारले नव्हते असे नाही. विचारले होते लॉर्नने. ऑनलाइन म्हटले की काहीतरी फी असतेच, असे ब्रेंट म्हणाला होता; खोली उघडायला हिरे नावाचे काहीतरी विकत घ्यावे लागतात, ते तो आपल्या कार्डावर घेतो, त्याची कोणी काळजी करू नये. आम्ही सर्वांनी त्याचे आभार मानले होते. शिवाय त्याने पडद्यावरचा राशीचा आकडाही बंद करून टाकला होता. खऱ्या टेबलावर आकडा कोण दाखवतो, असे त्याचे म्हणणे होते. आम्हाला ते फार रसिकपणाचे वाटले.

लॉर्न पेट्रोस्की हा पोलाद कारखान्याच्या वजनकाट्यावर चौतीस वर्षे होता. कारखाना बंद पडला, काटा भंगारात गेला, पण लॉर्नच्या डोक्यातला काटा चालूच राहिला. रास जिंकली की चिप्स ओढण्याआधी तो रक्कम उच्चारायचा: “एक्केचाळीस.” मग मोजायचा. एक्केचाळीसच असायचे. एकोणतीस वर्षांत तो चुकल्याचे कोणी पाहिले नव्हते, आणि त्याच्या मोजणीवर पैज लावणारा शेवटचा माणूस एकोणीसशे अठ्ठ्याण्णव साली शंभर डॉलर हरून गेला होता.

त्या ऑक्टोबरपासून तो चुकू लागला.

“बेचाळीस,” असे तो म्हणायचा. रास त्याच्याकडे सरकायची आणि त्याच्या शिलकीचा आकडा बदलायचा. मग फोनमधून त्याचा श्वास ऐकू यायचा, आणि हलक्या आवाजात: “नाही. चाळीस.” पहिल्यांदा कर्टिस, जो विमा विकतो, हसला. मग ड्वाइट हसला. ड्वाइट आमचा सर्वांचा दातांचा डॉक्टर. “लॉर्न, काट्याला तेल घाल रे,” असे तो दर शनिवारी म्हणू लागला. ब्रेंटने एकदा त्याला मणी ओवलेली लहान मुलांची पाटी भेट पाठवली. लॉर्नने ती पडद्यासमोर धरून दाखवली, आणि आम्ही सगळे हसलो. मीही हसलो. हे वाक्य मी मुद्दाम इथे लिहितो आहे. पुढे त्याची गरज लागेल.

या हसण्यामागे काय होते ते आम्हा प्रत्येकाला ठाऊक होते. लॉर्नची बायको टेरेसा सहा वर्षांपूर्वी गेली. पण जाण्याआधी चार वर्षे ती त्याला ओळखत नव्हती. आजाराची सुरुवात एका रविवारी पिठात अंडी घालताना झाली होती. तिने मोजून चार अंडी घातली आणि ती सात होती. त्या दिवशीच्या पिरोगी, त्या उकडलेल्या पोलिश करंज्या, कोणाच्या तोंडात जाईनात. लॉर्न ही गोष्ट क्वचितच सांगायचा, आणि सांगताना अंड्यांशी येऊन थांबायचा.

फेब्रुवारीत त्याने मला फोन केला: टेरेसाचे झाले तेच आपले होते आहे. डॉक्टरकडे जाऊन ये, असे मी म्हणालो. डॉक्टर काय करणार, तीन शब्द लक्षात ठेवायला सांगणार, तो म्हणाला. त्याची परीक्षा दर शनिवारी होत होती आणि निकाल त्याच्या हातात होता. मुलीशी, मार्लीनशी, त्याने बोलून ठेवले होते. घर तिच्या नावावर करायचे, आणि तिच्या शहरात वृद्धांसाठी जे ठिकाण आहे तिथे जायचे. स्वतःला कळते आहे तोवर सही झाली पाहिजे. टेरेसाच्या वेळी उशीर झाला होता.

“मी घराबाहेर भटकलो आणि कुणी मला हाताला धरून परत आणलं,” तो म्हणाला, “तर ते मला नकोय.”

मार्चच्या पहिल्या शनिवारी ब्रेंट पुतणीच्या लग्नासाठी फ्लोरिडात गेला. टेबल उघडायला कोणीतरी हवे होते. कर्टिस आणि ड्वाइट आकड्यांत चलाख, म्हणून त्याने काम मला दिले. क्लबचा उपव्यवस्थापक म्हणून माझे नाव नोंदवून तो म्हणाला, की फक्त हिरवे बटण दाब, बाकी कशाला हात लावू नकोस. माझ्या जातीच्या माणसाला वाचू नकोस असे सांगितलेले नव्हते. हात लावू नकोस एवढेच सांगितले होते. मी वाचले.

टेबलाच्या मांडणीचे पान दीड वीत लांबीचे होते. खोली उघडण्याचा खर्च: महिन्याला सात डॉलरांचे हिरे. त्याच्या खाली, शुल्क: शून्य ते दहा टक्के, यजमानाच्या इच्छेनुसार. समोर पाच निवडलेले होते. शुल्क कोणाकडे जमा: क्लबचा गल्ला. शुल्क खेळाडूंना दाखवा: नाही. राशीचा आकडा दाखवा: नाही.

म्हणजे ॲप जे मागत होते ते महिन्याला सात डॉलर. आणि दर राशीतून विसावा भाग, आमच्या नजरेआड, पाच महिने, ब्रेंट काढत होता. चाळीसच्या राशीत दोन डॉलर.

बेचाळीस. नाही, चाळीस.

त्या क्षणी मी काय करायला हवे होते हे सांगायला विद्वान लागत नाही. फोन उचलायचा आणि लॉर्नला सांगायचे. मी वही उघडली. एका पानावरून निष्कर्ष काढू नये, पुरावा दोन बाजूंनी जुळवावा, विरोधकाला पळवाट राहू नये: हीच शिस्त मी विद्यार्थ्यांना चाळीस वर्षे लावली होती. त्या शनिवारी मी लॉर्नची प्रत्येक मोजणी टिपली आणि गल्ल्याच्या पानावरच्या नोंदीशी ताडून पाहिली. वीसपैकी वीस वेळा तो बरोबर होता. त्याने रास सांगितली, ती तेवढीच होती. त्याला मिळाली ती तेवढी नव्हती.

ब्रेंट परत आला आणि माझे उपव्यवस्थापकपद काढून घ्यायला विसरला. मी दुसरा शनिवारही टिपला. त्या दिवशी डाव सुरू होण्याआधी लॉर्नने सहज सांगितले, की त्याने गाडी चालवणे सोडले. त्याची ती निळी पिकअप त्याने ब्रेंटला विकली होती. ब्रेंटने योग्य भाव दिला, घरी येऊन गाडी नेली, किती सोय केली, असे तो कृतज्ञतेने सांगत होता. पडद्यावरच्या आपल्या चौकोनात ब्रेंट शेंगदाणे खात होता. “मित्रासाठी एवढं तर करावंच लागतं,” तो म्हणाला.

तरीही मी वही मिटली नाही. अजून एक शनिवार हवा होता.

तिसऱ्या शनिवारी डाव संपताना लॉर्नने सर्वांचा निरोप घेतला. सोमवारी मार्लीन कागद घेऊन येणार होती. आता यापुढे खेळणे म्हणजे इतरांचा वेळ खाणे, असे तो म्हणाला. कर्टिस म्हणाला की त्याची उणीव भासेल. माझ्या वहीत तेव्हा एकसष्ट नोंदी होत्या, आणि एकसष्टही बरोबर.

संध्याकाळी मी ड्वाइटला फोन केला. मला साक्षीदार हवा होता. मी सगळे क्रमाने, तारखांसह सांगितले. मग तो खाकरला, पेशंटला दात काढावा लागेल हे सांगण्याआधी खाकरतो तसा.

“प्रोफेसर, तुला हे आत्ता कळलं?”

त्याला आणि कर्टिसला डिसेंबरमध्येच संशय आला होता. त्यांनी ब्रेंटला विचारले, आणि ब्रेंटने मोकळेपणाने कबूल केले. शिवाय त्यांच्या वाट्याचे निम्मे शुल्क तो दर महिन्याला परत करू लागला. तोंड बंद ठेवण्याचे म्हणून नव्हे. क्लबचा बोनस म्हणून. एकूण गल्ला किती, हे मात्र त्याने त्यांना कधी दाखवले नव्हते.

“लॉर्नला का नाही सांगितलं?”

“सांगितलं असतं तर त्याने तमाशा केला असता. टेबल मोडलं असतं. आणि अरे, रक्कम ती काय?”

“तुम्ही त्याला काट्याला तेल घालायला सांगत होतात.”

“ती गंमत होती. आणि तू फार साळसूद होऊ नकोस. बोनस तुलाही येतो. महिन्याला अकरा डॉलर. तुला काय वाटलं, कसले ते?”

मला वाटले होते की ॲप जुन्या खेळाडूंना काहीतरी बक्षीस देते. जानेवारीपासून प्रत्येक महिन्याच्या पहिल्या आठवड्यात ‘बोनस’ असा निरोप यायचा, आणि मी ‘ठीक’ वर बोट ठेवायचो. लॅटिनमधल्या पावत्यांवरच्या शाईचे डाग वाचून मी दोन ग्रंथ लिहिले आहेत. हे तीन महिन्यांचे तीन निरोप मी वाचले नव्हते. आम्हा चौघांत एकट्या लॉर्नला काही परत मिळत नव्हते, कारण पहिल्याच दिवशी फी विचारणारा तो होता, आणि विचारणाऱ्याला बोनस पाठवला तर तो कशाचा, हेही विचारील.

रविवारी सकाळी ब्रेंटचा निरोप आला: आदल्या दिवशी मी सोळा डॉलर जिंकलो होतो. मी त्याला फोन लावला. तो मुळीच दचकला नाही. टेबल कोण उघडतो, हिशोब कोण ठेवतो, भांडण झाले तर कोण मिटवतो, असे त्यानेच मला विचारले आणि त्यानेच उत्तरे दिली. मी म्हणालो की एकोणतीस वर्षे ही कामे आम्ही आळीपाळीने, एक पैसा न घेता केली होती. तेव्हा बिअर होती, तो म्हणाला.

“लॉर्नला वाटतंय की त्याचं डोकं चाललंय,” मी म्हणालो. “उद्या तो घरावर सही करणार आहे.”

“म्हणून? मी त्याला म्हटलं का कधी, की तुझं डोकं चाललंय?”

“तू त्याला मण्यांची पाटी पाठवलीस.”

“मी हसलो, बस. सगळेच हसत होते. तूपण हसलास.” त्याचा आवाज एकदम समजुतीचा झाला, गाडीचे इंजिन बरे आहे असे सांगताना होतो तसा. “हे बघ, तो चौऱ्याहत्तरचा आहे. आज ना उद्या हे होणारच होतं. मुलीजवळ राहील, वेळेवर जेवेल. वाईट काय त्यात?”

मी फोन ठेवला. दुर्जनाबद्दल माझ्या वाचनात जे काही आले आहे त्यात तो अंधारात असतो, खोल असतो, त्याला काहीतरी हवे असते. ब्रेंटला आठवड्याला साठ-पासष्ट डॉलर हवे होते. त्याच्या तळाशी आणखी काही नव्हते. नासलेल्या दुधाच्या पिशवीत हात घालावा आणि खाली प्लास्टिकच लागावे, तसे.

सोमवारी सकाळी मी लॉर्नच्या घरी गेलो. मुखपट्टी लावून आम्ही मागच्या ओसरीत बसलो. थंडी बोचत होती. आत स्वयंपाकघरात मार्लीन कागद मांडून बसली होती, तिलाही ऐकू जावे म्हणून मी दार उघडे ठेवायला सांगितले. मी वही लॉर्नच्या हातात दिली आणि सगळे सांगितले. बोनसचे अकरा डॉलरही. तो एकेका नोंदीवर बोट ठेवत खाली आला. शेवटच्या पानावर थांबला. 

“म्हणजे बेचाळीस होते,” तो म्हणाला.

“बेचाळीस होते.”

“आणि सहा तारखेचे ते सदतीस?”

“सदतीस. तुला पस्तीस डॉलर पंधरा सेंट दिले.”

त्याने मान हलवली. मग वही पहिल्या पानावर उलटली आणि तिथली तारीख वाचली. त्या तारखेनंतर सहा दिवसांनी त्याने पिकअप विकली होती. हे त्याने मला बोलून दाखवले नाही. बोटाने फक्त मोजले, सहा.

“तुला तेव्हापासून माहीत होतं?”

“मला खात्री करून घ्यायची होती, लॉर्न.”

“हं,” तो म्हणाला. “मीही खात्रीच करून घेत होतो.”

मार्लीन दारात येऊन उभी होती. डॅड, कागद आवरू का, असे तिने विचारले. त्याने होय म्हटले, आणि कोट मागितला. मग स्वयंपाकघरात जाऊन फडताळाच्या वरच्या फळीवरून त्याने कॉफीचा डबा काढला. साथ आली तेव्हा यजमानपद त्याच्याकडे होते, तेव्हापासून तो डबा तिथेच होता.

मार्लीनच्या गाडीतून आम्ही ब्रेंटच्या दुकानी गेलो. निळी पिकअप पहिल्याच रांगेत उभी होती, धुऊन पुसून, आणि तिच्या काचेवर किंमत लावली होती: लॉर्नला मिळाली होती त्याहून अठराशे जास्त. लॉर्नने आकडा वाचला आणि बॉनेटवर डबा ठेवला. ब्रेंट आतून हसत आला. मला बघून हसू जरा आटले, पण पुरते गेले नाही.

“अरे लॉर्न! चांगला दिसतोयस.”

“किल्ली दे. तू दिलेले पैसे घेऊन आलोय, सगळे.” कोटाच्या खिशातून त्याने तेवढ्या रकमेचा चेक काढून ब्रेंटच्या हातात दिला.

ब्रेंटने माझ्याकडे पाहिले, मार्लीनकडे पाहिले, रस्त्यावरून जाणाऱ्या टपालाच्या गाडीकडे पाहिले. हिशोब त्याला लवकर जमतो. हो हो, का नाही, तो म्हणाला; मित्रामित्रांत व्यवहार फिरवायला काय अडचण. ज्या भावाने घेतली त्याच भावाने परत. आणि मग, मी शपथेवर सांगतो, केवळ सवयीने, पापणीही न लवता तो पुढे म्हणाला:

“फक्त कागदपत्रांची फी पडेल. एकशे चाळीस. ती मी सोडली तरी नियमाने लावावी लागते.”

मार्लीनच्या तोंडून शिवी गेली. मी पुढे झालो. लॉर्नने हात आडवा धरून मला थांबवले. त्याने खिशातून पाकीट काढले, आणि एकेक नोट त्या डब्यात टाकू लागला, मोठ्याने मोजत. वीस. चाळीस. साठ. दुकानात काम करणारे दोघे मेकॅनिक हातातले काम टाकून बाहेर आले. गाडी बघायला आलेले एक जोडपे रांगेच्या टोकाशी थांबले. शंभर. एकशे वीस. ब्रेंट हलक्या आवाजात म्हणाला की आत जाऊन करूया. लॉर्नला ऐकू आले असावे. त्याने आवाज वाढवला.

“एकशे चाळीस,” तो म्हणाला. मग दोन डॉलर आणखी काढले. “आणि हे दोन बिअरचे.”

त्याने डबा ब्रेंटसमोर धरला.

“मोज.”

ब्रेंटचे हात खिशात होते. ते तसेच राहिले. डबा दोघांच्या मधे होता. शेवटी ब्रेंट आत गेला आणि किल्ली एका मेकॅनिकच्या हाती पाठवली. स्वतः आला नाही.

लॉर्नने काचेवरची किंमत नखाने खरवडली. कागद निघाला, चिकट डाग राहिला. तो गाडीत बसला, आरसा नीट केला, आणि काच खाली करून डबा माझ्या हातात दिला. येतोस का, असे त्याने मला विचारले नाही. शनिवारबद्दलही काही म्हणाला नाही. पिकअप रस्त्याला लागली, दिवा दाखवून डावीकडे वळली, आणि मी मार्लीनच्या शेजारी, हातात एकशे बेचाळीस डॉलर घेऊन उभा राहिलो.

ते मी मोजले नाहीत. त्याने मोजले होते.